केशोरीकडचं उभं धान

मी काय काम करते हे माझ्या आईला अजून नीट सांगता येत नाही. साताऱ्यात शेजारणींनी विचारलं की ती म्हणते, "पिक्चरमध्ये आहे, पण दिसत नाही." एका अर्थी खरंच आहे ते. निर्माता म्हटलं की लोकांना पांढरे बूट आणि बोटाबोटांत अंगठ्या आठवतात. माझ्या बोटांत एकही अंगठी नाही आणि बूट बारमाही मळलेले. माझं काम लग्न जुळवणाऱ्या मध्यस्थाचं आहे. एका देशाचा कॅमेरावाला, दुसऱ्या देशातलं ध्वनिमुद्रण, तिसऱ्या देशातल्या संस्थेचा आधार, ही सगळी स्थळं एका गोष्टीशी जुळवायची आणि मांडवात कुणी रुसणार नाही हे पाहायचं.

गेल्या कार्तिकात असंच एक स्थळ दाखवायला मी गोंदिया जिल्ह्यात गेले होते. यावेळी दाखवायचं स्थळ म्हणजे एक शेत होतं, आणि पाहायला येणारी होती मार्लीन. ही बेल्जियमची सहनिर्माती, साठीला टेकलेली, उंच, कमी बोलणारी. तिच्या होकारावर आमचा चित्रपट उभा राहणार होता. सोबत दिग्दर्शक अनिकेत, नाशिकचा, हट्टी आणि गोड. गोष्ट त्यानेच लिहिलेली. एका शेतकरी बाईचा नवरा ऐन कापणीच्या तोंडावर वारतो. आजूबाजूची सगळी शेतं कापून रिकामी होतात आणि तिचं एकटीचं धान तसंच उभं राहतं, वाळत, झडत. ती कापत नाही, कारण कापलं की नवऱ्याने लावलेलं शेवटचं काही उरणार नाही.

ही गोष्ट मी परदेशातल्या कितीतरी बंद खोल्यांत सांगितली आहे. उभ्या धानापाशी आले की समोरचे लोक हमखास चष्मे काढून पुसायचे. ते पाहून मलाही आपण फार थोर काम करतो असं वाटायचं.

मार्लीनला जागा पटली नाही तर पर्याय तयार होता. पूर्वेकडच्या एका देशात भातशेती सुंदर, रस्ते गुळगुळीत, सरकार सवलती द्यायला हात जोडून उभं. फक्त तिथे गेलं की गोष्टीतली माणसं तिथली भाषा बोलणार. असं माझ्या बाबतीत पूर्वी एकदा झालं आहे. कोकणातली गोष्ट दुसऱ्याच समुद्रकाठी गेली, चित्रपट चांगला झाला, बक्षिसं मिळाली, आणि आईने शेवटपर्यंत पाहून विचारलं, "ह्यात आपलं काय होतं गं?" तो प्रश्न मला पुन्हा ऐकायचा नव्हता. ही गोष्ट गोंदियाकडच्या झाडीबोलीतच व्हावी म्हणून मी जिवाचं रान करत होते.

गोंदिया

स्टेशनबाहेर पोहे खाल्ले. वरून हरभऱ्याचा झणझणीत रस्सा. गाडीवाल्याला मी मराठीत विचारलं, "तिखट कमी मिळेल का?" तो म्हणाला, "मिल जायेगा दीदी, पर मज़ा नहीं आयेगा." मी हिंदीत शिरले, तर तो मराठीत आला, "कुठून आले जी तुमी?" मग आम्ही दोघेही दोन्ही भाषांत चालत राहिलो आणि कुणाचंच काही अडलं नाही. मार्लीनने रस्सा प्यायला, डोळ्यांतून पाणी काढलं आणि पुन्हा वाटी पुढे केली. गाडीवाला खूश झाला. "मॅडमले झेपून राहिलं!" त्याने सगळ्या रांगेला जाहीर केलं.

सकाळीच जवळच्या नागऱ्याला महादेवाच्या जुन्या देवळात गेलो. मी देवभोळी नाही, पण चित्रपट उभा राहायच्या आधी सगळे निर्माते देवभोळे होतात. मार्लीन दगडी खांबांवरून हात फिरवत बराच वेळ एकटी हिंडली. मी नवस बोलले नाही, नुसती विनंती केली.

नागझिऱ्याच्या वाटेवर

जंगलात जायची खरं तर गरज नव्हती. पण पाहुणीला वाघाच्या दारावरून नुसतं पुढे न्यायचं हे आमच्या सातारी पाहुणचारात बसत नाही. फाटकावर आम्हाला वाटाड्या म्हणून मिळाली ती शेजारच्या गावातली, खाकी शर्टातली सुनंदा. तिने जीपमध्ये बसायच्या आधीच सांगून टाकलं, "वाघ दिसन तर दिसन. नाही दिसला तर मले बोलाचं नाही." पुण्यामुंबईकडे हेच वाक्य पाच मिनिटं गोड बोलून सांगितलं असतं, आणि वाघ तरीही दिसला नसता.

नाहीच दिसला. रानगवे दिसले, पाण्यावर झुकलेलं एक झाड भरून पाणकावळे दिसले. मार्लीनला आवडल्या त्या पानं शिवून केलेल्या लाल मुंग्यांच्या पिशव्या. सुनंदाने सांगितलं, "याची चटणी करते आमी. तापावर चांगली रायते." मार्लीनने लगेच विचारलं, कुठे मिळेल? मी विषय बदलला. पोहे झेपले म्हणून मुंग्याही झेपतील असं नाही, आणि आजारी सहनिर्माती होकार देत नाही.

केशोरीच्या पुढे

अर्जुनी मागे टाकून केशोरीकडे निघालो तसं दोन्ही बाजूंना धान सुरू झालं. लवकर पिकणारं हलकं धान कापून झालं होतं, त्याच्या कडपा, म्हणजे कापून आडव्या टाकलेल्या मुठी, शेतभर पसरल्या होत्या. उशिरा येणारं भारी धान अजून उभं होतं, ओंब्यांनी वाकलेलं, आणि उन्हात त्याचा एक कोवळा, दुधासारखा वास येत होता. मध्येच तलाव, इथल्या भाषेत तरा, लागायचा, त्यात शिंगाड्यांची वेल पसरलेली. एका तलावाच्या मातीच्या पाळीवर थांबून आम्ही उकडलेले शिंगाडे घेतले. आमच्याकडे शिंगाडा म्हणजे उपासाचं पीठ. हा असा काळा, शिंगं असलेला, सोलताना बोटांना टोचणारा प्राणी त्या पिठाच्या आधी असतो हे मला पन्नाशीपर्यंत ठाऊक नव्हतं.

गावाचं नाव सांगत नाही. चित्रपट येईपर्यंत गावाने तसं बजावलं आहे. आमचे यजमान दुधरामभाऊ, गावच्या नाट्यमंडळाचे अध्यक्ष. या भागात दिवाळीनंतर गावोगावी मंडई भरते. लेकी-जावई, सोयरे-धायरे सगळे गावात येतात आणि गाव नाटक लावतं. नाटक लावणं म्हणजे कंपनी ठरवायची, मांडव घालायचा, तिकिटं विकायची, पाऊस आला तर शिव्याही खायच्या. दुधरामभाऊंशी पाच मिनिटं बोलल्यावर मला कळलं की हा मनुष्य माझ्याच धंद्यातला आहे. फक्त त्याचे प्रेक्षक त्याला दुसऱ्या दिवशी विहिरीवर भेटतात, माझे कधीच भेटत नाहीत.

जेवायला लाखोरीची डाळ, भात, वांग्याची भाजी आणि दिवाळीतले उरलेले अनारसे. आमच्याकडे "अजून थोडं घ्या ना" असा आग्रह असतो. इथे आग्रह नाही, भात पानात येऊन पडतोच. मार्लीनने हात आडवा केला तर दुधरामभाऊंच्या पत्नीने हाताला वळसा घालून वाढलं.

दुपारी शेत पाहायला गेलो. ते सायत्राबाई मडावी यांचं. तलावाखालचं, चौकोनी, चारही बाजूंनी रुंद बांध, इथल्या बोलीत धुरे, मागे जंगलाची काळसर रेघ. अनिकेतने आधी एकदा येऊन हेच हेरून ठेवलं होतं. मार्लीन बांधावरून उतरली, पाय गुडघ्याखालपर्यंत चिखलात गेला आणि बाहेर आला तेव्हा चप्पल आतच राहिली. आम्ही तिघांनी हात घालून शोधली, सापडली नाही. ती एका पायाने अनवाणी उभी राहून शेताकडे बघत म्हणाली, "हीच जागा." माझा जीव भांड्यात पडला. फार लवकर पडला, हे तासाभरात कळायचं होतं.

मंडईच्या आदल्या दिवशी

दुधरामभाऊ म्हणाले, "गोष्ट सांगा गावाले. आमी नाटक ठरवाच्या आधी गोष्ट आयकतो. तुमाले शेत देऊन राहिलो तर हे पन आयकू." मला त्यात काय अवघड वाटणार? नाटकासाठी गावाबाहेर जमीन उतरती खोदून प्रेक्षकांची जागा केली होती. त्या ओल्या मातीच्या उतारावर गाव येऊन बसलं. पुरुष पुढे, बाया मागे, मुलं सगळीकडे. मी खाली रंगमंचाच्या जागी उभी राहिले आणि तीच गोष्ट सांगितली, परदेशात सांगते तशी, त्याच जागांवर थांबत.

उभ्या धानापाशी आले. थांबले. कुणी डोळे पुसले नाहीत.

पुढच्या रांगेतला एक म्हातारा म्हणाला, "आन् गाव का करून राहिला होता?"

मला प्रश्न कळला नाही. मी म्हटलं, "गावाचं काही नाही. गोष्ट त्या बाईची आहे."

"तेच म्हनून राहिलो. बाईचा मानूस गेला, धान उभा हाये, आन् गावानं आपापलं कापून घेतलं? तिच्या धुऱ्यावर कोनी गेलाच नाही?"

उतारावर एकदम गलका झाला. दुधरामभाऊंनी हात वर करून तो शांत केला आणि मला समजावून सांगितलं. कापणीच्या दिवसांत कुणाच्या घरी मयत झाली तर गाव आपलं धान थांबवतं आणि आधी त्या घराचं कापतं. घरामागे एक इळा, म्हणजे विळा. वैर असलं तरी इळा जातो, मनुष्य आजारी असला तर त्याची बायको जाते. हे कुणी ठरवलेलं नाही, पण चुकलेलंही नाही.

"गोष्ट चांगली हाये जी," ते म्हणाले, "पन आमच्या गावात नाही होनार."

मी म्हटलं, चित्रपट आहे, खोटं गाव आहे, नाव बदलू.

"नाव बदलसान. धुरे कसे बदलसान? माह्या जावयानं पाहिलं तर तो वळखनार नाही का, का हा तर सासऱ्याच्या गावचा तरा हाये? सोयरे का म्हनतीन? का या गावात बाईचं धान झडून जाते आन् लोक झोपून रायते?"

"पोरी कोन देईन मंग आमच्या पोट्ट्यायले?" मागून एका बाईने भर घातली. कुणी हसलं नाही.

मार्लीन माझ्या शेजारी उभी होती, दुधरामभाऊंच्या मोठ्या चपला घालून. "काय म्हणतायत?" तिने विचारलं. मी खुशाल म्हटलं, "तारखांबद्दल बोलतायत." तिने उताराकडे पाहिलं, मग माझ्याकडे. तारखांवरून एवढे चेहरे लाल होत नाहीत हे कळायला भाषा लागत नाही.

अनिकेत वेगळाच पेटला होता. उभं धान काढलं तर चित्रपटात उरतं काय, असं तो मला दात आवळून विचारत होता. मला राग आला तो सगळ्यांचा. गावाचा, अनिकेतचा, आणि सर्वांत जास्त त्या म्हाताऱ्याचा, कारण त्याचा प्रश्न बरोबर होता. एवढ्या खोल्यांत मी ही गोष्ट सांगितली, आणि त्या बाईचे शेजारी कुठे होते हे मला एकदाही सुचलं नव्हतं.

मी मार्लीनला खरं सांगून टाकलं. ती मग म्हणाली, "मी गावात वाढले. आमच्याकडे शेजारी आले नसते." एवढंच. होकार नाही, नकार नाही. पूर्वेकडचा तो गुळगुळीत देश मला डोळ्यांसमोर दिसू लागला.

उन्हं उतरत असताना मी एकटीच पुन्हा शेतावर गेले. सायत्राबाई तिथे गवत कापत होत्या. लहानखुऱ्या, काटक, हातावर जुनं गोंदण. सभेत त्या मागे बसल्या होत्या. मी त्यांच्याजवळ बांधावर बसले. मी काही विचारलं नाही, त्यांनीच सुरुवात केली.

"तुमच्या गोष्टीतली बाई येडी नाही. माहा बुढा गेला तवा मी पन नाही म्हनली होती."

"कुणाला?"

"गावाले. सकाळीच सारे इळे घेऊन आले. मी या धुऱ्यावर उभी रायली आन् शिव्या देल्ल्या. म्हनलं, माह्या मानसाच्या हातचं हाये, हात लावसान तर मुडदे पाडीन."

"मग गेले ते?"

"कायले जातीन?" सायत्राबाईंनी गवताची पेंढी बांधली. "बसून रायले. चारी धुऱ्यावर. कोनी बोलला नाही, कोनी कापला नाही. संध्याकाळी घरी गेले, सकाळी परत येऊन बसले. स्वतःचं धान पडलं होतं त्यायचं, तरी. मी शिव्या देऊन देऊन थकली. मंग मीच इळा घेतला. मी एक मूठ कापली, तवा ते उठले."

"बाई, हे तुम्ही मघाशी सभेत का नाही सांगितलं?"

"मले कोनं विचारलं?" त्या म्हणाल्या आणि पेंढी डोक्यावर घेऊन चालू लागल्या.

मी धावत गावात आले. खरंच धावत, या वयात, चिखलातून. अनिकेत ओसरीवर तोंड पाडून बसला होता. मी त्याला सगळं एका दमात सांगितलं. उभं धान राहतं, अनिकेत. बाई नाहीच म्हणते. पण गाव येऊन बसतं. चारही बांधांवर, इळे मांडीवर घेऊन. तो उठला, अंगणात दोन फेऱ्या मारल्या, आणि आत जाऊन दुधरामभाऊंच्या पायाशी बसला. "भाऊ, असं दाखवलं तर?"

दुधरामभाऊ मग म्हणाले, "असं दाखवसान तर जावयाले मी सोता घेऊन जाईन पाहाले."

मंडईचा दिवस

सकाळी ढोलाचा आवाज येत होता, जिलब्यांच्या कढया चढल्या होत्या, पाहुण्यांची ये-जा सुरू झाली होती. मार्लीनला मी रात्रीच्या जेवणाआधीच सगळं समजावलं होतं. ती फक्त "पाहू" म्हणाली होती. तिचं "पाहू" मला चांगलं माहीत आहे. त्यातून दोन्ही दारं उघडतात.

आम्ही तिघं शेताकडे निघालो. तलावाच्या पाळीवर चढलो आणि थांबलो.

खाली सायत्राबाईंच्या शेताच्या चारही बांधांवर माणसं बसली होती. नव्या कपड्यांतले पुरुष, मंडईसाठी नेसलेल्या लुगड्यांतल्या बाया, कालचा तो म्हातारा, सगळ्यांच्या मांडीवर इळे. कुणी बोलत नव्हतं. मधोमध पिवळं धान वाऱ्यावर हलत होतं. आम्हाला दाखवायला म्हणून दुधरामभाऊंनी गाव जमवलं होतं, सणाच्या दिवशी, सगळी कामं टाकून. इतकी वर्षं मी चित्रपट उभे करत आले, पण कॅमेरा नसताना चित्रपट उभा राहिलेला मी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिला.

मार्लीन पाळीवरून हलली नाही. एका बांधावरून दुसऱ्या बांधावर तिची नजर सावकाश फिरत होती. शेवटी तिने मला विचारलं, "गावात घरं किती? घरामागे एक माणूस म्हणजे सगळ्यांच्या राहण्या-जेवणाचं आतापासूनच बघावं लागेल."

निर्मात्याच्या तोंडून जेवणाचा विषय निघाला की होकार झालेला असतो. माझ्या डोळ्यांतून पाणी आलं आणि मी ते पुसलं नाही. ओरडूनच खाली विचारलं, "दुधरामभाऊ, घरं किती?"

दुधरामभाऊ बांधावर उभे राहून बोटांवर मोजू लागले. मग थांबून म्हणाले, "सायत्राबाईचं सोडून सांगतो जी. तिच्याच धुऱ्यावर बसाचं हाये, तिचं घर कायले धराचं?"

"काऊन नाही धराचं?"

सायत्राबाई मागून येत होत्या, हातात इळा. त्या आमच्यामधून खाली उतरल्या, बांधावरच्या माणसांना पायाने बाजूला सारत धानात शिरल्या आणि वळून दुधरामभाऊंना म्हणाल्या, "माहा मानूस गेला, माहं घर नाही गेलं. माह्या घरचा इळा मी धरीन. मोजा."

दुधरामभाऊंनी मुकाट्याने पुन्हा पहिल्यापासून मोजायला सुरुवात केली, आणि सायत्राबाईंच्या घरापासून केली.